थाळीतलं पाणी

सुरुंग सापडला तर टोबायसला जास्तीची भाकरी मिळणार होती. नाही सापडला तर अमेरिकेच्या यादवी युद्धात वेढलेलं नदीकाठचं विक्सबर्ग पडून त्याची गुलाम बायको सुटणार होती. उत्तरेची फौज किल्ल्याखाली खणत होती. तिचा माग काढायला दक्षिणेच्या कप्तानानं टोबायससह पाच गुलाम भुयारात उतरवले. जवळ कुणी खणलं, की तिथं जमिनीवर ठेवलेल्या थाळीतलं पाणी थरथरायचं. आज थरथरलं, तसं टोबायसनं ते पिऊन टाकलं. “काही जाणवतंय का रे?” कप्तानानं वरून विचारलं. “पोट वाजतंय, मालक. काल खाल्लेलं खेचर लाथा झाडतंय.” “गड्यांनो, थाळी भरून आणा. सगळे जा,” टोबायस कुजबुजला. “तू, काका?” “कुदळ थांबली तर संशय येईल.” बुरूज उडाला, चौथ्या दिवशी शहर पडलं. बायको सुटली, चौघे सुटले, हरलेला कप्तानही घरी परतला. किंमत एकट्या टोबायसनं मोजली. बायकोच्या हाती तेवढी थाळी आली.