मिठाने आखलेली वाट

जुलियाचं लग्न झालं ते १८८४ साल. लग्नाला पंधरा दिवस होत आले, तरी कोलशेतला तिच्या आईच्या दारातला मांडव अजून उतरला नव्हता. त्याच मांडवाखाली आई, सुझाना, भर दुपारी प्रवासाचं सामान मांडून बसली होती. दोन घोंगड्या, सुक्या बोंबलांची जुडी, मसाल्याची बाटली आणि मुलासाठी शिवलेला नवा सदरा.

"घे," म्हणत तिने मिठाचं मडकं बहिणीच्या मुलापुढे, सेलेस्टीनपुढे, सरकवलं. "वाट काढ. परवा काढलेलीस ती कोंबड्यांनी मोडली."

सेलेस्टीनने मूठभर मीठ घेतलं आणि सारवलेल्या जमिनीवर बारीक धार सोडली. हा नॉर्वे देशाचा किनारा, अगदी वरचं टोक. इथे बंदर. इथून पुढे तीन दिवसांची वाट, डाव्या हाताला समुद्र, उजव्या हाताला बर्फाचे डोंगर. वाटेच्या शेवटी त्याने एक शिंपला ठेवला. ते आर्थरचं घर.

सुझानाचा मुलगा आर्थर आणि सेलेस्टीन एकाच जहाजावर खलाशी होते. तीन वर्षांपूर्वी सेलेस्टीन एकटाच परत आला. दारात उभ्या असलेल्या मावशीला आर्थर गेला असं सांगायला त्याची जीभ उचलली नाही. तो म्हणाला, आर्थर तिकडेच राहिला, मिठागरात त्याला काम मिळालं. सुझानाचा जन्म मिठागरात गेलेला. तिला बरं वाटेल असं दुसरं काम त्याला त्या वेळी सुचलं नाही. आर्थरला लिहिता येत नव्हतं, म्हणून पत्राची वाटही कोणी पाहिली नाही.

आता जुलिया सासरी गेली होती. ठाण्यातल्या एका मडमेला विलायतेपर्यंत आया हवी होती, आणि तिथून पुढे मासळीच्या जहाजाने मुलाकडे जायचं सुझानाने ठरवलं होतं. मडमेला उद्या सकाळी होकार कळवायचा होता.

"मावशी, तुझ्या गुडघ्यांना झेपायचं नाय," सेलेस्टीन म्हणाला.

"मी कुठं चालणार हाय? गाडी असते म्हणालास ना?"

"असते. पण तिला चाकं नसतात. बर्फावरून घसरत जाते. सांबरासारखं जनावर ओढतं तिला."

"आन् हाकणारा माणूस कसा?"

"बरा. बोलत नाय फारसा."

"मग तुझ्यापेक्षा बरा. तू नुसता नको नको करतोस." ती हसली. "पहिल्या दिवशी कुठवर?"

"कोळ्यांची तीन घरं लागतात, तिथवर. दारात मासे सुकवायच्या काठ्या उभ्या असतात."

"आपल्यासारख्याच?"

"आपल्यासारख्याच. दुसऱ्या दिवशी खाडी. गाडी होडीत घालून पलीकडे न्यायची. पलीकडे एक म्हातारी राहते, ती गरम दूध देते."

"तिला बोंबील देईन," सुझाना म्हणाली आणि जुडीतले चार बोंबील वेगळे काढले. मग तिने एक जुनं फडकं उचललं. "डोक्याला एवढं पुरेल का रे? मिठागरातलं ऊन मला आता सोसत नाय."

सेलेस्टीनची नजर मिठाच्या धारेवर होती. "ऊन कसलं, मावशी! दोन महिने सूर्य उगवतच नाय तिथं. भर दुपारी कंदील धरून चाललो आम्ही."

सुझानाचा हात फडक्यावर थांबला.

"आन् उन्हाळ्यात?"

"उन्हाळ्यात मी नव्हतो. धुकं आणि पाऊस असतो म्हणे."

तिने वाटेवरचा एक खडा उचलला, बोटांत चुरडला.

"ऊन नाय, तर मीठ कसं पिकतं?"

 मांडवावरच्या सुकलेल्या झावळ्या वाऱ्याने खरखरल्या. सुझानाने शिंपल्यावर बोट ठेवलं.

"हे घर हाय का?"

"नाय."

"मग काय हाय?"

"त्याच्या मातीवरचा कुरूस हाय, मावशी. बंदरात आपल्या पंथाचा पाद्री नव्हता. तो तीन दिवसांच्या वाटेवर होता. म्हणून त्याला न्यायला गाडी केली मी."

 मग तिने नवा सदरा उचलला, घडी मोडली, पुन्हा घातली आणि सेलेस्टीनच्या मांडीवर ठेवला. त्याने हात मागे घेतले.

"वाट तरी खरी हाय का?" तिने विचारलं.

"वाट खरी हाय. तेवढी खरी हाय."

सुझाना गुडघ्यावर हात टेकून उठली आणि आत गेली. बाहेर आली तेव्हा तिच्या हातात कंदील होता. तो तिने घोंगड्यांच्या शेजारी ठेवला आणि पुन्हा बसली.

"मडमेला होकार कळव उद्या," ती म्हणाली. "आन् आता पहिल्यापासून सांग. त्या कोळ्यांच्या घरी थांबलात, तेव्हा माझ्या पोराला कुठं ठेवलंत?"

सेलेस्टीनने सांगितलं. घरात घेतलं होतं, दाराशी, अंगावर शीड घालून. खाडीचं सांगितलं, म्हातारीचं सांगितलं, पाद्रीने काय म्हटलं ते सांगितलं. ती विचारत गेली, तो सांगत गेला. सदरा त्याच्या मांडीवर तसाच होता.

आर्थर १८८० सालच्या डिसेंबर महिन्याच्या दोन तारखेला, बर्फाने निसरड्या झालेल्या डोलकाठीवरून पडून वारला. त्या दिवशी वर चढायची पाळी सेलेस्टीनची होती. तेवढं त्याने सांगितलं नाही.