मातीकोरचं गाणं

"मा, बायका खोळंबल्यात. माझ्या नरेनचं मातीकोर आहे, लग्नाआधी ओढ्याकाठची माती उकरायचीय. गाणं तुम्हीच सुरू करायला हवं." द्रुपती सासूच्या बंद दाराशी उभी होती.

"काळ्यांची पोर आणतोय ना? मग त्याचं त्याने गावं," नरेनची आजी आतून म्हणाली.

"अहो, त्रिनिदादची माणसं मिसळूनच घडलीत..."

"ते तुझ्या पुस्तकात. पुस्तकाला कुठे नातवंडं होतात?"

मिसळण्यावर द्रुपतीने पुस्तकं लिहिली होती, देशोदेशी भाषणं ठोकली होती. घरच्या या एका दारापुढे मात्र तिची डाळ शिजेना. ताशेवाले शेकोटीवर चामडं तापवून कंटाळले होते. नरेनकडे तर बघवत नव्हतं. आजीच्या मांडीवर वाढलेला पोरगा, ती आल्याशिवाय लग्नाला उभाच राहणार नाही म्हणत होता.

तेवढ्यात नवरीची आजी मर्ल, सगळ्यांची टँटी म्हणजे मावशी, खुर्चीतून उठली. उसाच्या मळ्यावर दोघी म्हाताऱ्यांचा जन्म भिंतीला भिंत लावून गेला होता. टँटीने डोक्यावरची टोपी सारखी केली आणि चक्क मातीचं गाणं धरलं. जुनी भोजपुरी, अर्थ आता कुणालाच धड लागत नव्हता. पण दुसऱ्या कडव्यात तिने धरतीच्या आधी नवरदेवाचं नाव घेतलं आणि बायका चपापल्या. झालं, सगळं मुसळ केरात, द्रुपतीला वाटलं.

दार धाडकन उघडलं.

"मर्ल, आधी धरती, मग नवरा. इतकी वर्षं भिंतीला कान लावून हेच शिकलीस?"

"मग तू म्हण की."

आजी तणतणत अंगणात आली. "माझ्यामागून म्हण. आणि नीट म्हण, आता आपल्या घरचं कार्य आहे."

ताशे कडाडले. नरेनने तोंड फिरवून डोळे पुसले. द्रुपतीला एकदम हलकं वाटलं.

बायका गात गात ओढ्याकडे निघाल्या. द्रुपतीने टँटीला हळूच गाठलं. "टँटी, तुम्ही चुकलात ते किती बरं झालं."

"चुकले?" टँटीने पुढे चाललेल्या आजीकडे पाहून आवाज खाली आणला. "अगं, तुझ्या नवऱ्याच्या लग्नाची माती उकरताना या गाण्याला पहिला आवाज तिचा होता, दुसरा माझा."