सातपाण्याचं साल

“आबा, आज तारीख काय?” नोंदणी अधिकारी बाईंनी विचारलं.

“बावीस एप्रिल. मंगळवार,” गेणबा म्हणाले.

“पाठ करून आल्यात ते,” मागून लखन म्हणाला.

लखन त्यांचा पुतण्या. निरवांगीची दोन एकर डाळिंबाची बाग गेणबा आज आपल्या एकुलत्या लेकीला, माधवीला, बक्षीसपत्रानं देणार होते. कागद तयार होता. साक्षीदार बाकावर बसले होते. आणि ऐनवेळी लखननं इंदापूरच्या कचेरीत लेखी हरकत दिली होती. चुलत्याचं डोकं ठिकाणावर नाही, त्यांची सही धरू नये. लेकीला दिलेली बाग भावकीतून गेली, हे त्याला सोसणारं नव्हतं.

त्यानं मोबाइल टेबलावर ठेवला. व्हिडिओत गेणबा गोठ्यापाशी उभे होते, फोन कानाला लावून.

“आज उडत्या माशांची चौदा,” व्हिडिओतले गेणबा अगदी गंभीरपणे सांगत होते. “सातपाण्यात पूर आलाय. कासवांनी पूल धरलाय, पन तू जपून ऱ्हा.”

बाकावरचं कुणीतरी फसकन हसलं.

“मागच्या गुरुवारचं हाय हे,” लखन म्हणाला. “रोज असलंच चालतं. आख्ख्या गावाला ठावं हाय.”

माधवीचा चेहरा उतरला. ती छत्तीस वर्षांची होती, बारामतीला स्वतःची रोपवाटिका चालवत होती. फोनच्या पलीकडे तीच होती. ती वडिलांच्या कानाशी वाकली.

“आबा, गंमत होती म्हना. ल्हानपनीचा खेळ म्हना. मिटून जाईल.”

“गंमत न्हवती,” गेणबा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले.

बाईंनी पेन खाली ठेवलं. “मग काय होतं, आबा?”

गेणबांनी सांगितलं. माधवी आठ वर्षांची असताना बापलेकीनं मिळून एक मुलूख रचला होता. त्याचं नाव सातपाणी. तिथं नद्या डोंगर चढतात आणि संध्याकाळी मासे उडतात. असल्या मुलखाला आपल्या भिंतीवरचं कॅलेंडर कसं चालेल? म्हणून त्यांनी तिथलं साल वेगळं बांधलं. नवे महिने, नवी नावं, सुरुवात दहा जानेवारीला. माधवी नांदायला गेली तेव्हापासून ते रोज सकाळी सहाला फोन करतात आणि तिकडची तारीख सांगतात. तिकडं काय घडलं ते मग दोघं एकमेकांना सांगतात. ती बाळंतपणाला दवाखान्यात होती, त्या दिवशीसुद्धा खाडा पडला नाही.

“ऐकलंत?” लखन म्हणाला. “पंच्याहत्तर वर्साचा मानूस मासं उडवतोय.”

गेणबा खुर्चीतल्या खुर्चीत त्याच्याकडे वळले.

“मासं उडत न्हाईत, ह्ये मला ठावं हाय. आनि माझी बाग कुनाला द्यायची, त्ये बी ठावं हाय.”

बाईंनी थोडा विचार केला. मग एक कोरा कागद माधवीपुढं सरकवला आणि तिला खिडकीपाशी जाऊन उभं राहायला सांगितलं.

“मी आपल्या तीन तारखा विचारते. तुमची तारीख तुम्ही तिथं लिहा. आबा, तुम्ही इथं तोंडी सांगा. पंधरा ऑगस्ट.”

“कासवांची बावीस.” गेणबांना बोटांवर मोजावं लागलं नाही.

“दोन डिसेंबर.”

“दोन चंद्रांची एकोनीस.”

“एक मार्च.”

“धुक्याच्या घोड्यांची तेवीस. लीप साल असलं तर चोवीस.”

बाईंनी माधवीचा कागद मागवला. वाचला. एकदा गेणबांकडे पाहिलं आणि कागद फिरवून लखनपुढं धरला. तिन्ही तारखा तशाच होत्या. लीप सालसुद्धा लिहिलेलं होतं.

“हरकतीत तथ्य दिसत नाही,” त्या म्हणाल्या आणि तसं अर्जावर लिहिलं.

मग बाकीचं भराभर झालं. गेणबांनी सह्या केल्या. अंगठा यंत्रावर ठेवला. फोटोला बसताना टोपी नीट केली. माधवीनं सही केली. लखन दाराशी उभा होता. आत येईना, बाहेरही जाईना.

गेणबा निघण्यासाठी उठले, तेव्हा बाई माधवीच्या कागदाच्या कोपऱ्यात काहीतरी आकडेमोड करत होत्या.

“आबा, एक विचारू? हे कामाचं नाही. तुमचे महिने किती?”

“तेरा.”

“आणि एका महिन्याचे दिवस?”

“अठ्ठावीस.”

“म्हणजे तीनशे चौसष्ट. वर्षाचा एक दिवस राहिला की तुमच्याकडून.”

“एवढं बी मोजता येईना व्हय?” दारातून लखन म्हणाला.

माधवी खाली बघू लागली. गेणबांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला.

“ऱ्हायला न्हाय, म्याडम. आमी काढून टाकलाय. नऊ जानेवारी. हिची आई त्या दिवशी गेली. नवं साल लागलं तवा पोरीनं भिंतीवरच्या कॅलेंडरात त्यो दिवस बघितला आनि मला इचारलं, आबा, ह्यो दिवस आता दर सालाला येनार का?”

ते माधवीकडे वळले.

“मी म्हनलं, न्हाय येनार.”