बोर्डावरची किल्ली

कोर्टाची किल्ली कुलपात गेली, पण फिरली नाही. बेलिफानं फुंकर मारली, जोर लावला. नऊ वर्षं बंद असलेलं कुलूप ढिम्म हललं नाही.

"किल्ली गंजलीय," तो मागं वळून म्हणाला. "इथं दोन-दोन कुलूपवाले उभे आहेत. कुणीतरी या की पुढं."

दाराच्या एका अंगाला तिजोरीवाले अण्णा होते, दुसऱ्या अंगाला सायकलवाले नाना. कुलूप-किल्ली कारागीर संघाचे हे दोन अध्यक्ष. त्यातला खरा कोण ते कोर्टात ठरायचं होतं, आणि तोवर संघाच्या ऑफिसला सील होतं. शहरभराची कुलपं उघडणाऱ्यांना स्वतःचंच दार उघडता येत नाही, म्हणून सुरुवातीला लोक हसायचे. आता हसायचाही कंटाळा आला होता.

अण्णांचा हात खिशातल्या तारेकडं गेला, तसा त्यांचा वकील कानाशी लागला. "उघडलंत तर म्हणतील, ताबा घेतलात." नानांचा वकील नानांना हेच सांगत होता. सत्तरी उलटलेली दोन माणसं हाताची घडी घालून उभी राहिली. अर्ध्या मिनिटाचं काम होतं.

दोघांच्या मधे वहिनी उभी होती. तिचा नवरा, संघाचा सर्वांत जुना सभासद, चार महिन्यांपूर्वी गेला. संघात येताना प्रत्येकानं आपण कानशीनं घासून केलेली पहिली किल्ली ऑफिसातल्या बोर्डावर स्वतःच्या नावाखाली टांगायची, आणि माणूस गेला की अध्यक्षानं ती त्याच्या घरी नेऊन द्यायची, अशी रीत. तिनं वाट पाहिली. अण्णा म्हणाले, मी कोर्टात मागितली तर नाना हरकत घेईल. नाना म्हणाले, अण्णा घेईल. शेवटी तिनंच कोर्टात अर्ज केला, आणि ती किल्ली काढून द्यायला आज बेलिफ आला होता.

"मग लिहितो, कुलूप उघडले नाही," बेलिफानं कागद भिंतीला टेकवला. "पुढची तारीख घ्या."

"थांबा," वहिनी म्हणाली. "मी उघडलं तर?"

"तुम्ही दाव्यात पक्षकार नाही ना? मग उघडा. माझं काय जातंय?"

तिनं पिशवीतून नवऱ्याची तेलाची बाटली आणि वाकडी तार काढली. जन्म त्याच्या दुकानात गेला होता, बघून बघून हात बसला होता. तार आत अडखळली.

"खालून घ्या, वहिनी," अण्णांच्या तोंडून निघून गेलं.

"जरा डावीकडं," नाना म्हणाले.

दोन्ही वकिलांनी डोळे वटारले. कुलूप सुटलं.

आत धूळ आणि बोर्ड. वहिनीला नवऱ्याची किल्ली लगेच सापडली. "एक दात जास्तच घासला गेलाय बघा. सांगायचे नेहमी, पहिलीच म्हणून हात घाईला आला." ती हसली आणि तशीच रडायला लागली.

अण्णा बोर्डावरची नावं वाचत होते. "हा गेला. हाही गेला."

"तोसुद्धा," नाना म्हणाले. "गेल्या साली. तुला नव्हतं कळलं?"

"तुझ्या गटातला तो. मला कोण कळवणार?"

नऊ वर्षांत दोघं वकिलाशिवाय पहिल्यांदाच बोलत होते. मेलेल्या अकरा जणांच्या किल्ल्या समोर तशाच लटकत होत्या. कुणीच त्या घरी नेल्या नव्हत्या.

अण्णांनी आपली किल्ली खिळ्यावरून काढली. "वहिनी, हीसुद्धा घेऊन जा. माझ्या सुनेपाशी द्या. मी गेल्यावर कोण आणून देणार?"

नानांनीही टाचा उंचावून, खालून ढकलत आपली काढली आणि पुढं केली.

"अहो, काय चाललंय?" बेलिफ म्हणाला. "ऑर्डरमध्ये एकच किल्ली आहे."

दोघं किल्ल्या परत टांगायला बोर्डाकडं वळले. नानांचा हात वरच्या खिळ्याला पुरेना, तेव्हा अण्णांनी त्यांची टांगली. मग सगळे बाहेर आले. बेलिफानं दार ओढलं, कुलूप अडकवलं आणि हातातल्या गंजक्या किल्लीकडं पाहिलं.

"लावायला किल्ली लागते का हो?"

"नाही," दोघं अध्यक्ष एकदमच म्हणाले. "नुसतं दाबलं की लागतं."