आजचं स्टेशन

मुलांनो, जरा डोळे मिटा बघू. जबलपुरातल्या घमापूरची एक गल्ली. सन पासष्टचा सप्टेंबर, लढाईचे दिवस. दुपारचे चार वाजत आलेत. गल्लीच्या टोकाला एक दुकान आहे, आणि त्या दुकानात पाऊल टाकलं की आपण आगगाडीच्या डब्यात शिरतो. दिसतोय डबा? समोरासमोर लाकडी बाकं, वर सामान ठेवायच्या जाळ्या, खिडक्यांना खालीवर होणाऱ्या झडपा. हे सगळं गोंदियाला जाणाऱ्या छोट्या गाडीचं. नीलकंठराव त्या गाडीवर तीस वर्षं गार्ड होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी भंगारातून बाकं आणि खिडक्या आणल्या आणि कॉफीचं दुकान मांडलं. आता वास घ्या. जायफळ आहे ते.

बास. डोळे उघडले तरी चालतील. डबा कुठं जात नाही.

त्या दुकानाची एक रीत होती. भिंतीवर एक काळी पाटी, तिच्यावर पांढऱ्या रंगात लिहिलेलं, ‘आजचं स्टेशन’. चारच्या कॉफीला ज्याची पाळी असेल त्यानं खाली खडूनं एका गावाचं नाव लिहायचं. मग नीलकंठराव शिट्टी फुंकायचे, हिरवी झेंडी हलवायचे, आणि पातेल्यातलं दूध वर येईपर्यंत सगळ्यांनी डोळे मिटून त्या गावाला जायचं. काल सगळे बालाघाटला जाऊन आले होते. एकाला तर खिडकीतून वाघ दिसला होता.

लाल झेंडीही होती, पण ती गुंडाळून कोपऱ्यात उभी असायची. “आपली गाडी थांबवायचं काय काम?” असं नीलकंठराव म्हणायचे.

आज पाळी बेबीची होती. बेबी आठ वर्षांची. आठ दिवस तिनं या पाळीची वाट पाहिली होती. विष्णूकाकाचं बोट धरून ती आली. काका तोफांच्या कारखान्यातून बारा तासांचं काम करून सरळ इकडेच आलेला. त्याच्या हातांना तेलाचा वास येत होता.

“बोला बाईसाहेब,” नीलकंठराव म्हणाले, “कुठं जाऊन राहिलो आपण आज?”

“बाबांकडे.”

बेबीचे बाबा फौजेत ट्रक चालवायचे. वीस दिवसांपूर्वी ते गेले. एक कार्ड आलं, त्यानंतर काहीच नाही. बेबीनं फ्रॉकच्या खिशातून ते कार्ड काढलं, बाकावर चढली, आणि कार्डावर पाहून पाटीवर लिहिलं, ५६.

“अरे बिटिया, ये तो भाव लिख दिया!” एक गिऱ्हाईक हसलं.

पोस्टमन गणपत तिथंच बशीत कॉफी ओतत बसला होता. तो म्हणाला, “ते स्टेशन नाही बेटा. टपालाचा नंबर आहे. कोणीही कुठंही असो, किती तरी फौजींचा तोच नंबर.”

“नंबरवर गाडी जात नाही,” नीलकंठराव हळूच म्हणाले. “गाव लागते.”

“मग बाबांनी गाव काहून नाही लिहिलं?”

“मनाई आहे त्यांना,” गणपत म्हणाला. “कार्ड दुश्मनाच्या हाती लागलं तर?”

बेबीनं थोडा विचार केला. “पण मी तर दुश्मन नाही न.”

गणपतनं बशी खाली ठेवली.

“भेडाघाट लिही न, बेबी,” विष्णूकाका म्हणाला. “चाल, धबधबा पाहून येऊ. तुला आवडते न?”

“मला नाही पाहायचा.” तिनं कार्ड उलटसुलट केलं. “काका, ते स्वतः कुठं आहेत हे बाबांना तरी ठाऊक असल का?”

“त्याला तरी काय ठाऊक! आज इथं, उद्या तिथं. रात्री दिवा न लावता गाडी चालवून राहिला असल बिचारा.”

“आणि घर? घर तर ठाऊक आहे न?”

“घर काहून नसल ठाऊक?” काकानं कार्डावर बोट ठेवलं. “हे पाय. घरचा पत्ता त्यानंच तर लिहिला.”

बाबांची अक्षरं उजवीकडे झुकलेली होती, धावत असल्यासारखी. बेबीनं ती एकेक करून वाचली. चुलीवर दूध हलायला लागलं.

“मग, बेटा?” नीलकंठरावांनी शिट्टी तोंडाशी नेली आणि हिरवी झेंडी हातात घेतली. “कुठं?”

बेबीनं तळहातानं ५६ पुसलं. मग पाटीभर मोठ्या अक्षरांत लिहिलं, घमापूर.

“अगं, इथंच तर बसलो आहो आपण!” काका म्हणाला.

बेबीनं पाटी खिळ्यावरून काढली, पोटाशी धरून दाराबाहेर नेली आणि पायरीवर रस्त्याकडे तोंड करून उभी केली. परत आत आली. नीलकंठरावांच्या हातातल्या हिरव्या झेंडीकडे तिनं पाहिलंसुद्धा नाही. सरळ कोपऱ्यात गेली.

आत दूध उतू चाललं होतं. कोणीच उठलं नाही. नीलकंठरावांची शिट्टी ओठांवरच राहिली.

बेबी पायरीवर, पाटीच्या शेजारी जाऊन उभी राहिली. इतकी वर्षं गुंडाळलेली लाल झेंडी तिनं उलगडली, आणि स्टेशनकडून येणाऱ्या रस्त्याकडे तोंड करून दोन्ही हातांनी उंच धरली.