आज्याचं सोंग

ओमेश्वरी व्हिडिओ आर्टिस्ट झाली, हे कामठ्यातल्या घरानं कसंबसं पचवलं होतं. पण नव्या व्हिडिओसाठी तिनं केस पुरुषासारखे बारीक कापून घेतले, तेव्हापासून शिवलाल लेकीशी बोलत नव्हता. दिल्लीच्या प्रदर्शनात लावायच्या आधी तो व्हिडिओ बापानं पाहावा, म्हणून आज ती सीडी घेऊन घरी आली होती.

"माह्या मेलेल्या बापाचं सोंग घेतलं म्हणते तू? पोरीच्या जातीनं?" शिवलालनं खुर्चीत पाय पसरले आणि बिडी पेटवली. "लाव. नाही पटलं तं ते सीडी चुलीत जाईन, आन् तू पुन्हा या घरात पाय ठेवजो नोको."

आई, राजकुमारी, पदर मुठीत धरून दाराशी उभी होती. ओमेश्वरीनं बटण दाबलं.

टीव्हीवर तीच होती. आज्याचं धोतर नेसून, पांढऱ्या मिशा लावून आज्याच्याच खाटेवर बसलेली. शिवलालच्या कपाळावरची शीर फुगत चालली होती.

मग टीव्हीतला म्हातारा खाकरला आणि मान न वळवता म्हणाला, "शिवलाल, आला काय रे धानाच्या बांधीतून?"



शिवलालनं पसरलेले पाय आखडले आणि हातातली बिडी पाठीमागे लपवली.