मुळाजवळचं नाव

महेश्वरीनं लॅपटॉप शिवप्पाकडं फिरवला. पडद्यावर नुसतं कंसात कंस, आन् मदी भाऊकीतल्या गड्यांची नावं.

“ही झाडाची फाईल, अज्जा. जवळची मानसं एका कंसात.”

“आन् झाड कुटंय?”

“थांबा की.” तिनं बटन दाबलं. सॉफ्टवेअर इचार करत बसलं.

शिवप्पा चटईवर फुडं सरकला. एमआयडीसीत मागावर टॉवेल इनून म्हातारा झालेला गडी. अक्कलकोट रोडच्या खोलीत एकलाच ऱ्हायचा. तरना असताना थोरला भाऊ रुद्रप्पा भर घरात म्हनला हुता, “तू आमच्या रगताचा न्हाईस.” त्याच दिवशी गाव सोडलं. त्याची आय, आव्वा, तवा चुलीम्होरं भाकरी थापत हुती. ती ‘व्हय’ म्हनली न्हाय. म्हंजी आय माझीच हाय, असं ह्यानं धरलं, आन् तेवढ्यावर जलम काढला.

आन् गेल्या म्हयन्यात रुद्रप्पाची ही नात दारात उभी. कॉलेजात शिकनारी. “भाऊकीच्या गड्यांचं झाड काढतीया. आव्वानं धाडलंय तुमच्याकडं.” डीएनए तपासायला कापसाची काडी त्याच्या गालात फिरवून घिऊन गेली. जाताना च्या पिली. घरात कप एकच, ह्यो बशीत प्याला.

झाड आलं. सगळी नावं वर दाटीवाटीनं. खाली, मुळाला लागून, एकच फांदी. शिवप्पा.

शिवप्पा लई दिसांनी हसला. “आगं, मूळपुरुष मीच की. सांग जा तुज्या आज्याला. म्हनावं, पाया पडायला ये.”

महेश्वरी हसली न्हाय.

“अज्जा, कोन कुनाच्या जवळ ते ह्याला कळतंय. मूळ कुटं ते कळत न्हाय. म्हनून एक नक्की भायेरचा मानूस घ्यावा लागतोय. त्याचं नाव आमीच आदी सांगायचं. मग त्याच्या अंगानं मूळ धरून झाड उबं ऱ्हातंय.”

शिवप्पाचं हसू तसंच ऱ्हायलं.

“रुद्रप्पानं सांगितलं आसंल, मी भायेरचा म्हनून. त्येचं त्वांडच तसलं.”

“त्यांना म्या इचारलंच न्हाय.”

“मग?”

महेश्वरी खाली बगून बोलली, “आव्वाला इचारलं. ती म्हनली, ‘माझ्या शिवप्पाकडं जा. पोटचा न्हाय त्यो, पर माझं नाव सांग, न्हाय म्हननार न्हाय.’”